शोचित्ल हे नाव नेमकं आलं कुठून आणि मेक्सिकोत ते एवढं का आवडतं

मुलींच्या नावांच्या याद्या चाळताना हल्ली मेक्सिकोकडची नावं पण दिसायला लागलीत, सित्लाली, केत्साली, इत्सेल, नायेली, आणि त्यात एक हमखास असतं ते म्हणजे शोचित्ल. समोर अर्थ लिहिलेला असतो "फूल" आणि यादी लगेच पुढच्या नावावर. अर्थ बरोबरच आहे, पण तेवढ्यावर सोडून दिलं तर जवळजवळ सगळं राहूनच जातं, कारण ज्यांच्या भाषेतलं हे नाव आहे त्यांच्यासाठी फूल म्हणजे कॅलेंडरमधला एक दिवस होता, कविता होती, लढाई होती, आणि आजही काही गावांत फूल म्हणजे मका आहे. आणि सगळ्यात आश्चर्याची गोष्ट अशी की त्यांच्या साध्या घरातल्या मुलींना जुन्या काळी हे नाव फारसं मिळतच नव्हतं. आज जितक्या शोचित्ल आहेत त्यातल्या बहुतेकींना हे नाव कोणीतरी मुद्दाम, विचार करून दिलंय, आणि माझ्या मते या नावाची खरी ओढ तिथेच आहे.

आधी भाषा. नाहुआत्ल. अॅझ्टेक म्हणून आपण ज्यांना ओळखतो ते लोक (ते स्वतःला मेशिका म्हणायचे) हीच भाषा बोलायचे, पण ती एकट्या त्यांची नव्हती, तेश्कोको, त्लाश्काला, चोलुला अशा कितीतरी शहरांची तीच भाषा होती, त्यातली काही मेशिकांची दोस्त आणि काही कट्टर शत्रू. भाषा मेलेली वगैरे अजिबात नाही, मेक्सिकोच्या २०२० च्या जनगणनेत साधारण साडेसोळा लाख लोकांनी आपण नाहुआत्ल बोलतो असं सांगितलं, पुएब्ला, वेराक्रुस, इदाल्गो, सान लुईस पोतोसी, गेरेरो या राज्यांत मुख्यतः. आणि आपण सगळेच रोज थोडी नाहुआत्ल बोलतो, टोमॅटो हा त्यांचा तोमात्ल, अॅव्होकॅडो हा आवाकात्ल, आणि हॉटेलच्या मेनूवरचं चिली पण तिकडचंच.

आता उच्चार, कारण इथेच लोक सगळ्यात जास्त गडबडतात. इंग्रजी स्पेलिंग एक्सने सुरू होतं म्हणून लोक झोचिटल, क्सोचिटल काय वाट्टेल ते म्हणतात. झालं असं की सोळाव्या शतकात स्पॅनिश पाद्र्यांनी ही भाषा रोमन लिपीत लिहायला घेतली तेव्हा त्यांच्या स्पॅनिशमध्ये एक्स या अक्षराचा उच्चार "श" होता, त्यामुळे नाहुआत्लमधल्या श ला त्यांनी एक्स दिला, सरळ हिशेब. नंतर स्पॅनिशच बदलली, तो श घशात गेला आणि मेशिकोचं मेहिको झालं, पण लिहिलेला एक्स तसाच राहिला. शब्दाच्या सुरुवातीला असला तर आज मेक्सिकोत त्याचा बहुधा "स" करतात, म्हणून सोचिमिल्को (मेक्सिको सिटीतला एक भाग), आणि म्हणूनच आज मेक्सिको सिटीत या नावाची मुलगी स्वतःला सोचित्ल किंवा नुसतं सोचिल म्हणवते. जुना नाहुआत्ल उच्चार शोचित्ल, शो लांब आणि जोर शो वर, चि आपल्या चिमणीतला, चमच्यातला नाही. मराठी माणसाला इथपर्यंत काहीच त्रास नाही.

त्रास शेवटच्या "त्ल" चा. तो त आणि ल असे दोन आवाज नाहीतच मुळी, एकच आहे. जीभ वरच्या दातांच्या मागे टेकवायची आणि हवा समोरून न सोडता जिभेच्या दोन्ही बाजूंनी सोडायची, मागे स्वर लावायचा नाही, "त्ला" पण नाही आणि "तल" पण नाही. दोन तीन वेळा करून बघा, जमतं. आणि हा त्ल शब्दाचा कायमचा भाग पण नाही, तो एकट्या उभ्या असलेल्या नामाला लागतो. दुसरा शब्द जोडला की गळून पडतो, म्हणून शोचिमिल्को (फुलांच्या शेतांची जागा), शोचिकेत्साल (फुलांची देवी), आणि "माझं फूल" म्हणायचं तर नोशोचिउ. आदराने किंवा लाडाने म्हणायचं तर शोचित्झिन. हा त्झिन मला फार आवडतो, कारण तो राजाच्या नावाला पण लागतो आणि तान्ह्या बाळाला पण, मान आणि माया दोन्हीला एकच शेपूट. घरात हाक मारताना बहुतेक ठिकाणी नुसतं शोचि किंवा सोचि.

आता कॅलेंडर, आणि इथे जरा सावकाश वाचा कारण हे एकदा कळलं की नाव एकदम वेगळं दिसायला लागतं. नाहुआ लोकांकडे, म्हणजे नाहुआत्ल बोलणाऱ्यांकडे, ३६५ दिवसांचं वर्ष होतंच, पण त्याशिवाय एक २६० दिवसांची मोजणी चालायची, तिला तोनालपोवाल्ली म्हणायचे. तिच्यात दोन चक्रं एकाच वेळी फिरतात. एक १ ते १३ आकड्यांचं, दुसरं २० चिन्हांचं, मगर, वारा, घर, सरडा, साप असं करत करत विसावं आणि शेवटचं चिन्ह म्हणजे शोचित्ल, फूल. आपल्याकडे वार आणि तिथी एकमेकांसाठी न थांबता आपापल्या गतीने पुढे जातात ना, साधारण तसंच. पहिला दिवस १ मगर, दुसरा २ वारा, तेरावा दिवस १३ बोरू, आता आकडे संपले म्हणून चौदावा दिवस १ जग्वार, पुढे २ गरुड, ३ गिधाड, ४ हालचाल, ५ गारगोटी, ६ पाऊस, आणि विसावा दिवस ७ फूल. मग चिन्हं परत मगरीपासून, पण आकडा ८. असं करत २६० दिवसांत फुलाचा दिवस तेरा वेळा येतो, दरवेळी वेगळा आकडा घेऊन, ७ फूल, १ फूल, ८ फूल, २ फूल या क्रमाने, आणि दोनशे साठावा म्हणजे अगदी शेवटचा दिवस येतो तो १३ फूल. अख्खी मोजणी मगरीपासून सुरू होऊन फुलावर संपते. कागदावर मांडून बघा, दहा मिनिटांचं काम आहे आणि मजा येते.

बाळ ज्या दिवशी जन्मलं तो दिवस म्हणजे त्याचं तोनाल्ली, त्याची ऊब, त्याचा वाटा, त्याचं नशीब, आणि बऱ्याचदा तेच त्याचं नाव. म्हणजे कोणाचं नाव "एक बोरू" तर कोणाचं "पाच फूल". तेव्हा शोचित्ल हे मुळात "फुलासारखी नाजूक" म्हणून दिलेलं नाव नव्हे, ती तारीख आहे! बेर्नार्दिनो दे साआगुन नावाच्या फ्रान्सिस्कन पाद्रीने सोळाव्या शतकात नाहुआ म्हाताऱ्या माणसांकडून आणि शिकलेल्या नाहुआ तरुणांच्या मदतीने त्यांचं सगळं जग नाहुआत्लमध्येच लिहून घेतलं, बारा भागांत, त्यातला एक अख्खा भाग या दिवसांच्या भाकितांवर आहे. फुलाच्या दिवशी जन्मलेल्यांना गाण्याबजावण्याची, रंगकामाची ओढ असते, मुली भरतकामात तरबेज निघतात असं मानायचे, आणि ७ फूल हा दिवस तर विणकाम-भरतकाम करणाऱ्या बायकांचा आणि चित्रकारांचा खास, त्यासाठी त्या उपास करायच्या. पण त्याला दुसरी बाजू होती, व्रत मोडलं, नेम पाळला नाही तर तीच मुलगी वाया जाते असंही सांगायचे. म्हणजे फूल हे चांगलं आणि धोक्याचं दोन्ही, सांभाळलं तर कला, नाही सांभाळलं तर नाश.

बाळ जन्मल्यावर काय व्हायचं त्याचं वर्णन मी कितीही वेळा वाचलं तरी कंटाळा येत नाही. आधी तोनालपौकी, म्हणजे दिवस वाचणारा, त्याला बोलवायचं, तो पोथी उघडून दिवस बघणार, दिवस वाईट निघाला तर त्याच तेरा दिवसांच्या गटातला एखादा बरा दिवस आंघोळीसाठी निवडून देणार, म्हणजे नशिबाला वळण लावायची सोय ठेवलेली होती. मग पहाटे अंगणात सुईण बाळाला आंघोळ घालणार, पाण्याची देवी चाल्चिउत्लिक्वे हिला उद्देशून बोलत. मुलगी असेल तर बाजूला चाती, सूत ठेवायची टोपली, छोटासा झाडू, विणायची छोटी हत्यारं मांडायची, नाळ चुलीजवळ पुरायची. स्पॅनिश लोकांनी मेक्सिको जिंकल्यानंतर वीसेक वर्षांत काढलेल्या मेंदोसा हस्तलिखितात हे चित्रच आहे, मधे चटईवर पाण्याचं भांडं, सुईण हातात बाळ घेऊन, आणि बाजूला तीन पोरं बसलीत घुगऱ्या मिळाव्यात तसं भाजलेल्या मक्यात शिजवलेल्या शेंगांचे दाणे घालून केलेलं खाणं खात. त्या पोरांचं काम एकच, सुईणीने नाव सांगितलं की ते मोठ्याने ओरडायचं. नाव पहिल्यांदा जगात जाहीर करायचं काम पोरांच्या तोंडी दिलं होतं, आणि त्यांना त्यासाठी खाऊ घालायचे.

आता एवढं सगळं वाचून कोणालाही वाटेल की मग गावोगाव शोचित्ल नावाच्या मुली असतील. तर नाही. १५४० च्या आसपास आजच्या मोरेलोस राज्यातल्या गावांची शिरगणती झाली, ती नाहुआत्लमध्येच लिहिलेली आहे, घर न घर, माणूस न माणूस, नवरा कोण, बायको कोण, मुलं किती. त्यातल्या पुरुषांची नावं वाचली तर भरपूर विविधता, आणि बायकांकडे वळलं की तीच तीच चार नावं परत परत, तेयाकापान, त्लाको, तेइकु, शोको. म्हणजे थोरली, मधली, धाकटी, शेंडेफळ. बस. एकेका वस्तीत कितीतरी थोरल्या आणि कितीतरी मधल्या. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा खरंच वाईट वाटलं होतं, एवढं सुंदर कॅलेंडर, एवढी पोथी, आणि सरकारी कागदावर पोरगी कोण तर मधली. नंतर बाप्तिस्मा झाल्यावर पण हे चालूच राहिलं, मेक्सिको सिटीजवळच्या कुलुआकान गावातली १५८० च्या दशकातली मृत्युपत्रं आहेत, त्यांत अॅना त्लाको, मारिया तियाकापान अशीच नावं भेटतात, पुढचं नाव चर्चचं आणि मागचं तेच, अॅना मधली, मारिया थोरली.

मोठ्या घरांत मात्र फुलाची नावं दिसतात. त्यातली एक बाई मला सगळ्यात महत्त्वाची वाटते, माक्विलशोचित्झिन, "पाच फूल" अधिक तो मानाचा त्झिन. ती त्लाकाएलेलची मुलगी, हा त्लाकाएलेल म्हणजे मेशिकांच्या राज्याचा सगळ्यात ताकदवान सल्लागार, राजे बदलले पण हा राहिला. अशायाकात्ल राजाने (१४६९ ते १४८१) तोलुकाच्या खोऱ्यावर स्वारी केली, त्या स्वारीवरची एक कविता हिची मानली जाते आणि ती जुन्या नाहुआत्ल गाण्यांच्या हस्तलिखितात टिकून राहिली. मिगेल लेओन-पोर्तिया या मेक्सिकन अभ्यासकाने तिच्याकडे लक्ष वेधलं. कविता राजाच्या विजयाची आहे पण तिने निवडलेला प्रसंग बघा. त्लिलात्ल नावाच्या ओतोमी (वेगळी भाषा बोलणारे शेजारचे लोक) योद्ध्याने राजाच्या पायावर वार केलेला असतो, राजा म्हणतो आणा त्याला समोर, तो घाबरून भेट म्हणून लाकूड आणि हरणाचं कातडं घेऊन येतो, आणि मग त्याच्या बायका राजापाशी त्याच्यासाठी गयावया करतात. विजयाच्या गाण्यात कवयित्रीने शेवटी उभ्या केल्या त्या शत्रूच्या बायका. फूल नावाची बाई एवढं करून गेली, पण आपल्या नावांच्या यादीत तिचा उल्लेख कुठेच नसतो.

आणि कविता म्हणजे पण फूलच. नाहुआत्लमध्ये एक पद्धत आहे, दोन शब्द शेजारी ठेवायचे आणि तिसरा अर्थ काढायचा. पाणी-डोंगर म्हटलं की गाव. फूल-गाणं, इन शोचित्ल इन क्विकात्ल, म्हटलं की कविता. तेश्कोकोचा राजा नेसावालकोयोत्ल (१४०२ ते १४७२) याच्या नावावर असलेल्या कवितांत फुलं सारखी येतात, आणि बहुतेक वेळा एकाच प्रश्नाला लागून, की इथे आपण थोडाच वेळ आहोत तर मागे काय राहणार. त्याच्या बापाचं नाव माहितीये? ईश्त्लिलशोचित्ल. म्हणजे फूल हे नाव बायकांचं असतं ही कल्पनाच तिकडे नव्हती, राजे, योद्धे, देव सगळ्यांच्या नावात फूल. खेळांचा आणि नाचगाण्याचा देव माक्विलशोचित्ल हा पुरुषच. एवढंच काय, त्लाश्काला वगैरे शेजाऱ्यांशी ठरवून केलेल्या लढायांना, जिथे मारण्यापेक्षा कैदी धरून आणण्यावर भर असायचा, त्यांना "फुलांची लढाई" म्हणायचे. शोचित्ल नाव आज फक्त मुलींचं झालंय ते बरंचसं युरोपातून आलेल्या फ्लोर, रोसा या सवयीमुळे असं मला वाटतं.

थोडं आपल्या अंगणात येऊ, कारण इथे मराठी घराचा खराखुरा संबंध आहे आणि तो बहुतेकांना माहीतच नसतो. दसऱ्याला दाराला तोरण कशाचं? झेंडूचं. झेंडू मूळचा मेक्सिकोचा आहे. नाहुआत्लमध्ये त्याचं नाव सेम्पोवालशोचित्ल, सेम्पोवाली म्हणजे वीस (त्यांची मोजणीच विसाच्या पटीत होती), वीस फुलं, एका फुलात एवढ्या पाकळ्या म्हणून. आज मेक्सिकन स्पॅनिशमध्ये त्याला सेम्पासुचिल म्हणतात, त्या "सुचिल" मध्ये आपली शोचित्लच लपलीये. १ आणि २ नोव्हेंबरला मेलेल्या माणसांच्या आठवणीचा सण असतो तेव्हा तिकडे झेंडूच्या पाकळ्यांचा रस्ता घालतात, गेलेल्यांना घर सापडावं म्हणून. निशिगंध, लग्नात गजऱ्यात हारात असतो तो, तो पण मेक्सिकोचा, नाव ओमिशोचित्ल, म्हणजे हाडाचं फूल, कळी हातात घेऊन बघा, गुळगुळीत पांढरी, लगेच पटतं. देवळाच्या आवारातला देवचाफा, कोकणात गोव्यात तर जिथे तिथे, तो काकालोशोचित्ल, कावळ्याचं फूल. डेलिया म्हणजे आकोकोशोचित्ल, आणि १९६३ पासून मेक्सिकोचं राष्ट्रीय फूल. म्हणजे मेक्सिकोची एखादी शोचित्ल दसऱ्याच्या दिवशी दादरच्या फुलबाजारात येऊन उभी राहिली तर तिला निम्म्या टोपल्यांवर आपलंच आडनाव दिसेल.

परत मेक्सिकोत. १३ ऑगस्ट १५२१ ला मेशिकांची राजधानी तेनोच्तित्लान स्पॅनिश लोकांच्या हाती पडली, १५२४ मध्ये फ्रान्सिस्कन पाद्री आले आणि बाप्तिस्मे सुरू झाले, घाऊक. मुली झाल्या मारिया, हुआना, अॅना, माग्दालेना. दिवसांची मोजणी म्हणजे सैतानाचं काम ठरलं, त्यामुळे दिवसाची नावं गेली. पुढची तीनशे वर्षं फुलांना, गावांना, झाडांना नाहुआत्ल नाव राहिलं आणि माणसांना स्पॅनिश.

परत येण्याची सुरुवात एका दंतकथेपासून झाली म्हणता येईल. फेर्नांदो दे आल्वा ईश्त्लिलशोचित्ल या सतराव्या शतकातल्या इतिहासकाराने तोल्तेक काळातली (तोल्तेक म्हणजे मेशिकांच्या आधीचे लोक) गोष्ट लिहून ठेवली, शोचित्ल नावाची मुलगी आपल्या बापाबरोबर राजा तेक्पानकाल्त्झिनकडे मागेय नावाच्या घायपातीच्या गोड रसाची भेट घेऊन जाते, राजाला रस आवडतो आणि मुलगी त्याहून जास्त. पुढे ही गोष्ट म्हणजे पुल्के या दारूच्या शोधाची गोष्ट म्हणून पसरली आणि १८६९ मध्ये होसे ओब्रेगोन या चित्रकाराने त्यावर मोठं तैलचित्र काढलं. त्यात राजदरबार ग्रीक रोमन थाटाचा आहे, पण शाळेच्या पुस्तकांपासून कॅलेंडरपर्यंत ती शोचित्ल सगळीकडे गेली. खरा जोर आला तो १९१० च्या क्रांतीनंतर, जेव्हा देशाने ठरवलं की आपली मुळं स्पेनमध्ये नाहीत, इथे आहेत. लासारो कार्देनास यांनी, जे त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष झाले, १९३४ मध्ये मुलाचं नाव क्वाउतेमोक ठेवलं, शेवटच्या मेशिका राजाचं. मुलींत शोचित्ल, सित्लाली यायला लागल्या. सीमेपलीकडे अमेरिकेत १९६० आणि ७० च्या दशकात चिकानो, म्हणजे तिथल्या मेक्सिकन मुळाच्या लोकांची, चळवळ उभी राहिली, शेतमजुरांचे संप, शाळांतली आंदोलनं, त्या पिढीतल्या आईबापांनी पण ही नावं मुद्दाम ठेवली, कारण शाळेत बाईंनी मारियाची मेरी केलेली त्यांनी बघितली होती आणि शोचित्लचं असं काही करताच येत नाही.

आज दोन शोचित्ल राजकारणात माहीत असलेल्या आहेत. एक बेर्ता सोचित्ल गाल्वेस रुईस, इदाल्गो राज्यातल्या तेपातेपेकची, वडील ओतोमी, २०२४ ची राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढली आणि क्लाउदिया शेनबाउमकडून हरली. बघा, पहिलं नाव बेर्ता आहे पण देश तिला सोचित्ल म्हणूनच ओळखतो, प्रचारात तो एक्स सगळीकडे होता. दुसरी न्यू मेक्सिकोची सोचित्ल टोरेस स्मॉल, २०१८ मध्ये अमेरिकन काँग्रेसवर निवडून आली आणि २०२३ मध्ये अमेरिकेच्या शेतीखात्यात दोन नंबरच्या पदावर बसली.

पण एक बोचणारी गोष्ट सांगायलाच हवी. हे नाव जास्त करून शहरातली, स्पॅनिश बोलणारी कुटुंबं ठेवतात. जी गावं आजही रोज नाहुआत्ल बोलतात तिथे पोरींची नावं बहुधा स्पॅनिशच असतात, आणि त्यात त्यांचा काही दोष नाही, शाळेत आपली भाषा बोलली म्हणून मार खाल्लेल्या आजीला आपल्या नातीने तेच भोगावं असं कसं वाटेल. २००३ च्या कायद्याने मूळ रहिवाशांच्या भाषांना स्पॅनिशच्या बरोबरीने राष्ट्रीय भाषेचा दर्जा दिला, पण बाजारात, दवाखान्यात, नोकरीत हिणवणं कायद्याने एकदम थांबत नाही. नाव घेऊन मिरवणं सोपं आहे, भाषा बोलणाऱ्या बाईला रांगेत मान देणं अवघड आहे, आणि मला वाटतं ज्यांना हे नाव आवडतं त्यांनी दुसरी गोष्ट पण तेवढीच मनावर घ्यावी.

त्या गावांत नाव नसेल पण फूल आहे. वेराक्रुसच्या उत्तरेला वास्तेका भागात, चिकोन्तेपेकच्या आसपास, मक्याच्या देवाला आजही चिकोमेशोचित्ल म्हणतात. सात फूल! तोच कॅलेंडरमधला विसावा दिवस. २६० दिवसांची मोजणी तिथल्या लोकांच्या रोजच्या वापरातून गेली पण तिच्यातला आकडा आणि चिन्ह मक्याला चिकटून राहिले. तिथे चिकोमेशोचित्ल म्हणजे लहान मूल, कागद कापून त्याची आकृती करतात, कपडे घालतात, पावसासाठी त्याला घेऊन डोंगरावर जातात, संगीत, प्रसाद, सगळं साग्रसंगीत, रात्र रात्र चालतं. पाऊस आणि पीक त्याच्यावर अवलंबून असतं म्हणून त्याला रुसू द्यायचं नसतं.

आता जे खरंच नाव शोधत बसलेत त्यांच्यासाठी थोडं कामाचं. याद्यांमध्ये "अॅझ्टेक नावं" म्हणून जे एकत्र करून दिलेलं असतं त्यावर डोळे झाकून विश्वास ठेवू नका. इत्सेल माया भाषांकडे जोडलं जातं, नायेली झापोतेक म्हणून, हे दोन्ही नाहुआत्ल नाहीत, वेगळी माणसं, वेगळ्या भाषा. नाहुआत्ल मधलं सित्लाली म्हणजे तारा, मेत्स्त्ली चंद्र, केत्साली म्हणजे केत्साल पक्ष्याचं हिरवंगार मौल्यवान पीस, इसेल म्हणजे एकुलती एक. रोमन लिपीत शोचित्लमधल्या ओ वर तिरकी खूण देऊन लिहितात ती स्पॅनिश पद्धत, नाहुआत्लमध्ये जोर ठरलेल्या जागीच, शेवटून दुसऱ्या अक्षरावर पडतो म्हणून तिथे खुणेची गरजच नाही. टेक्सास, कॅलिफोर्नियात राहणाऱ्या मराठी लोकांना हे नाव मुलांच्या वर्गात, ऑफिसात ऐकू येतंच, तेव्हा तिला सरळ विचारा शो म्हणायचं की सो, दोन्ही बरोबर असतात आणि घराघरात वेगळं असतं. आपल्या मुलीला ठेवायचं असेल तर मराठी कानाला "शोच" ऐकून शोचनीय आठवणार हे धरून चला, त्यापेक्षा सित्लाली आपल्या तोंडात पटकन बसतं.

आणि फूलच हवं असेल पण थोडं लांब नाव चालणार असेल तर योलोशोचित्ल बघा. हृदयाचं फूल. मेक्सिकोच्या राष्ट्रीय पॉलिटेक्निक संस्थेच्या प्रमुख २०१४ पर्यंत योलोशोचित्ल बुस्तामान्ते होत्या, म्हणजे नाव वापरातलं आहे. हे एका मॅग्नोलियाचं नाव, पांढरं, घट्ट, मिटलेली कळी हृदयाच्या आकाराची, सुगंध भरपूर, आणि जुन्या नाहुआ औषधांत ते हृदयासाठीच वापरायचे. आपला सोनचाफा पण मॅग्नोलियाच, एकाच कुळातली दोन भावंडं, एक तिकडच्या डोंगरात आणि एक आपल्या परसात.